पाचव्या गाण्यातली चूक

झेब्रॉन सोको फाटकातून आत आला तो मांडवात बसलेल्या पुरुषांकडे गेलाच नाही. सरळ मागच्या चुलींकडे गेला, सुकटीच्या मोठ्या पातेल्यावरचं झाकण त्याने उचललं आणि बायका काही म्हणायच्या आत ते टोपीसारखं डोक्यावर धरून अंगणाच्या मधोमध येऊन उभा राहिला.

"काय हे, माकडखाऊंनो," तो म्हणाला. "म्हातारा जाऊन तीन दिवस झाले आणि अजून मासेच शिजताहेत? माकड कुठाय? का तेही रडायला बसलंय?"

दाराशी चटईवर बसलेल्या बायकांपैकी दोघी रडता रडताच हसल्या. एलिना आत्याने डोळे पुसले, नाक शिंकरलं आणि मान वर केली.

"आलास का, उंदीरखाऊ. बिळातून निघायला फार वेळ लागला तुला."

"बीळच खणत होतो, एलिना. पहाटेपासून. सहा फूट खोल आणि चांगलं रुंद. तुझ्या भावाचे कान मावायला नकोत?"

आता पुरुषही हसले. सोकोच्या पँटवर गुडघ्यापर्यंत लाल माती होती. त्याच्या मागून आलेल्या दोघा न्गोनींनी खांद्यावरची फावडी कुंपणाला टेकवली आणि कुणी बसा म्हणायची वाट न बघता मुन्कोयोच्या, मक्याच्या आंबवलेल्या पेयाच्या, घागरीचा ताबा घेतला.

चोम्बा घराच्या दारात उभी होती. ती हसली नाही. तिचा हात आपसूक कमरेला गुंडाळलेल्या चितेंगेच्या गाठीवर गेला. त्या गाठीत घडी घातलेले चार कागद होते. ते या माणसाला द्यायचे की नाही, हे तिचं अजून ठरलं नव्हतं. दोन वाजता इस्पितळातून बाबांची पेटी येणार होती. दफन झालं की सोयऱ्यांची थट्टा संपते, ते आपापल्या घरी जातात. जे काही करायचं ते त्याच्या आत.

लुआन्शाच्या खाणवस्त्यांत बेम्बा जमातीचा माणूस गेला की न्गोनी जमातीचे येणारच, आणि न्गोनी गेला की बेम्बा. दोघांच्या पूर्वजांनी कधीकाळी एकमेकांची डोकी फोडली होती. पुढे त्यांनी ठरवलं की यापुढे भांडायचं ते फक्त तोंडाने. खाणी आल्या, शहरं वसली, तरी ते ठरलेलं मोडलं नाही. थट्टेच्या सोयऱ्याने माकडखाऊ, उंदीरखाऊ, वाटेल ते म्हणावं, वाटेल ते उचलून न्यावं, मेलेल्याची नक्कल करावी, त्याच्या खोडी चव्हाट्यावर मांडाव्यात. ऐकणाऱ्याने रागवायचं नाही. रागावला तो सोयरा राहिला नाही.

चोम्बाच्या बाबांना, लामेक चिसालांना, हा एक नियम आयुष्यभर पुरून उरला होता.

"ताई, हे कोण?" शेजारी उभ्या असलेल्या नामुकोलोने विचारलं. नामुकोलो लुसाकाच्या एका वर्तमानपत्रात होती. आदल्या दिवशीच्या बसने आली होती आणि तेव्हापासून मिळेल त्याला प्रश्न विचारत होती. तिची वही निम्मी भरली होती. पहिल्या पानावर तिने मथळा लिहून ठेवला होता, तो चोम्बाला दिसला होता: ज्याचा कान कधी चुकला नाही.

"झेब्रॉन सोको. 'थर्ड शिफ्ट' बँडचे गायक."

"ते अजून आहेत?"

"तेवढेच आहेत," चोम्बा म्हणाली.

मथळा नामुकोलोचा स्वतःचा नव्हता. लोक असंच म्हणत आले होते. चिसाला खाणीच्या दिवेघरात कारकून होते. खाली उतरणाऱ्यांना टोपीवरचे दिवे मोजून द्यायचे आणि वर आल्यावर मोजून घ्यायचे, एवढंच काम. सत्तरच्या दशकात खाणकामगारांच्या पोरांनी विजेच्या गिटारी हातात घेतल्या, वस्तीवस्तीत बँड निघाले, हॉल शनिवारी दुपारपासून भरू लागले. तेव्हा त्यांनी दिव्यांच्या कार्डांच्या मागच्या बाजूला लिहायला सुरुवात केली आणि ते 'संडे बीकन' साप्ताहिकाला पाठवलं. रॉक ऐकून त्यावर लिहिणं हे काम असू शकतं, हे तोवर आसपास कुणाला ठाऊक नव्हतं. दोन वर्षांत अशी पाळी आली, की बीकन उघडल्याशिवाय बँडवाले रविवारची न्याहारी करत नसत.

तबकडी ते तीनदा ऐकत. पहिल्यांदा उभं राहून. दुसऱ्यांदा सिमेंटच्या जमिनीला पाठ टेकून. तिसऱ्यांदा शेजारच्या खोलीत जाऊन, मधलं दार लावून. "दाराआडून जेवढं येतं तेवढं गाणं," ते म्हणत. "बाकी सगळा पोशाख." लहानपणी चोम्बाला वाटायचं, सगळ्यांचे बाबा असेच ऐकतात. मोठेपणी, न्डोलाच्या कॉलेजात ग्रंथपाल झाल्यावर, तिने कितीतरी देशांतल्या कितीतरी लोकांचं संगीतावरचं लिहिणं वाचलं. त्यात विद्वत्ता होती, डौल होता. पण एका जलशाबद्दल बाबांनी लिहिलं होतं, तसं तिला कुठे सापडलं नाही. त्यांनी लिहिलं होतं, की ड्रम वाजवणाऱ्याचा उजवा हात आज दुसऱ्याच कुणाचा तरी होता. रविवारी दुपारी तो मुलगा घरी आला आणि पायरीवर नुसता बसून राहिला. जलशाच्या दिवशी सकाळी त्याच्या भावाला खाणीतून वर आणलं होतं, चादरीत. हॉलची सगळी तिकिटं विकली गेली होती म्हणून त्याने ते बँडमध्येही कुणाला सांगितलं नव्हतं. आईने त्याला जेवायला वाढलं. बाबा त्याच्या शेजारी पायरीवर बसले, आणि संध्याकाळपर्यंत दोघं काही बोलले नाहीत.

अशा माणसाने एकदाच थट्टा लिहिली.

ते साल अठ्ठ्याहत्तर. 'थर्ड शिफ्ट'ची पहिली तबकडी गाजली होती, दुसरीचं ध्वनिमुद्रण खाणीच्या हॉलमध्ये झालं होतं. फिती नैरोबीला जायच्या आधी सोकोने त्या तिथेच चिसालांना ऐकवल्या, त्यांच्या पद्धतीने, तीन वेळा. तबकडी निघाल्यावर सविस्तर लिहायचं ठरलं. तोवर जागा भरायची म्हणून चिसालांनी सदराच्या तळाला दोन ओळी टाकल्या, सोयऱ्याने सोयऱ्याला म्हणाव्यात तशा: सोकोने न्याहारीचा उंदीर अजून गिळलेला नाही, गाताना तो घशात ओरडतो. कंपनीने प्रत्येक तबकडीबरोबर एक मांजर द्यावं.

लुआन्शापासून चिंगोलापर्यंत लोक पोट धरधरून हसले. सोकोने त्या ओळी कापून गिटारच्या पेटीला आतून चिकटवल्या.

नैरोबीत मात्र कुणी हसलं नाही. तिथल्या तबकड्यांच्या कंपनीतल्या साहेबाला बेम्बा कोण, न्गोनी कोण, काही माहीत नव्हतं. त्याला एवढंच माहीत होतं, की त्या देशात ज्याच्या शब्दावर तबकड्या खपतात त्या माणसाने या गायकाचा आवाज उंदरासारखा आहे असं लिहिलंय. त्याने तबकडी रद्द केली. चिसालांनी तीन पत्रं पाठवली, थट्टा होती म्हणून समजावलं. उत्तर एकाच पत्राला आलं. परीक्षक मत बदलतो तेव्हा आम्ही त्याच्या पहिल्या मतावर विश्वास ठेवतो, असं त्यात होतं. फिती महाग होत्या. त्या पुसून त्यांवर दुसऱ्या कुणाचं काही भरलं गेलं. वर्षभरात 'थर्ड शिफ्ट' मोडला. पुढे, ज्या आजाराने घरंच्या घरं रिकामी केली, त्यात बाकीचे तिघे गेले. सोको खाणीत लागला आणि माणसांना खाली-वर नेणाऱ्या पिंजऱ्याच्या यंत्रावर निवृत्तीपर्यंत बसला. गायला मात्र पुन्हा नाही. चर्चमध्येही नाही.

आणि दर नाताळला तो चिसालांच्या घरी यायचा, दारातून शिव्या देत, आणि जाताना सोयऱ्याच्या हक्काने काहीतरी उचलून न्यायचा. एकदा रेडिओ, एकदा खुर्ची, एकदा ताटातली अख्खी कोंबडी. बाबा खो खो हसायचे. तो गेल्यावर बराच वेळ फाटकाकडे बघत राहायचे. हा माणूस हसतोय की चावतोय, हे त्यांना कळत नव्हतं, आणि विचारायची सोय नव्हती.

कागद चोम्बाला परवा सापडले, पलंगाखालच्या बुटांच्या खोक्यात. एकाच परीक्षणाच्या अकरा प्रती. सर्वांत जुनी एकोणऐंशीची, शेवटची तीन महिन्यांपूर्वीची, थरथरत्या अक्षरातली. तिच्या चार कागदांवरच सोकोचं नाव होतं, म्हणून तेच तिने गाठीत बांधले होते. जी तबकडी जगात कुठेही नाही, तिच्यातल्या आठही गाण्यांबद्दल, ठोक्याठोक्याने, बाबांनी चव्वेचाळीस वर्षं पुन्हा पुन्हा लिहिलं होतं. चोम्बा जमिनीवर बसून वाचत गेली आणि वाचताना तिला गिटार ऐकू यायला लागली. पान उलटताना तिचा हात हलका झाला, झोपलेल्या माणसाच्या खोलीत वावरावं तसा.

सकाळी तिने आत्याला सांगितलं होतं.

"देऊ नकोस," आत्या लगेच म्हणाली. ती घेवडा निवडत होती.

"वाईट काही नाही त्यात, आत्या. स्तुती आहे. पहिल्या ओळीपासून."

"म्हणूनच म्हणते. सोयऱ्याला कुणी मरताना स्तुती पाठवतं का? ती माफीच झाली. आणि थट्टेची माफी मागितली की ती थट्टा राहत नाही, शिवी होते. मग तो चव्वेचाळीस वर्षं शिवी खाऊन हसत होता असं होईल. तुझा बाप एवढी वर्षं गप्प बसला तो काय जिभेला फोड आला होता म्हणून?"

"लिहिलं तर होतं ना त्यांनी."

"लिहिलं. दिलं नाही." आत्याने एक किडका दाणा बाजूला टाकला. "तू शिकलेली आहेस. बघ बाई."

न देण्याचं आणखी एक कारण चोम्बाकडे होतं, ते तिने आत्याला सांगितलं नाही. शेवटच्या प्रतीत चूक होती. पाचवं गाणं खाणीत उतरण्याचं. मध्येच सगळी वाद्यं थांबतात आणि सोकोचा एकच स्वर पिंजऱ्यासारखा अंधारात उतरत जातो. सतरा ठोके, साथीविना, आणि तुटत नाही. दहा प्रतींत हे असंच होतं. अकराव्या प्रतीत लिहिलं होतं, की नवव्या ठोक्याला सोकोचा श्वास संपतो आणि ऑर्गन त्याला सावरून घेतो. चोम्बाने ती ओळ तीनदा वाचली. आजार शेवटी बाबांच्या कानांपर्यंत पोहोचला होता तर. हाताशी पेन्सिल होती. एक ओळ बदलायला कितीसा वेळ? तिने पेन्सिल उचलली आणि परत ठेवली. बाबांच्या ओळीवर ती हात चालवू शकत नव्हती. पण तो कागद बाहेर गेला, तर जाता जाता त्यांचा कान चुकल्याचं सगळ्यांना कळणार होतं, आणि नेमकं त्याच माणसासमोर.

अंगणात आता सोकोने खुंटीवरचा बाबांचा तपकिरी कोट मिळवला होता. बाह्या त्याला मनगटाच्या वरच राहत होत्या. झाकण त्याने एका आजोबांच्या मांडीवर ठेवलं, कानामागे एक काडी खोचली आणि तो चालायला लागला.

हसणारे एकेक करून थांबले.

डावा खांदा किंचित पुढे, पाय उचलण्याआधी क्षणभर थांबणं, जणू जमीनही ऐकायचीच गोष्ट आहे. सोको कुंपणापाशी गेला, पाठ फिरवून उभा राहिला, हनुवटी खाली घेतली. उजव्या हाताची दोन बोटं कोटाच्या खालच्या बटणावर हळूहळू वाजू लागली. बाकी सगळं अंग स्थिर. चोम्बाने हे हजार वेळा पाहिलं होतं आणि यापुढे कधी दिसणार नाही म्हणून तीन दिवस रडली होती. ते समोर उभं होतं. इतकं नेमकं टिपायला माणसाने किती वर्षं, किती जवळून बघितलं असेल, एवढंच तिच्या मनात आलं.

"लामेक," एलिना आत्या पुटपुटली. कुणी तिला गप्प केलं नाही.

मग सोको वळला, कानामागची काडी काढून हवेत लिहायला लागला.

"परीक्षण," त्याने चिसालांच्या बारीक, कोरड्या आवाजात सांगितलं. "पुढच्या चटईवरच्या बायका फार वरच्या पट्टीत रडायला लागतात आणि दम संपला की शेजारणीकडे बघतात. पुरुषांची साथ कमजोर. अर्धे मुन्कोयोत, अर्धे झोपेत. पाद्रीबुवांची प्रार्थना दाराआडून ऐकली; दार लावल्यावर अधिक चांगली वाटली."

अंगण हसून कोसळलं. पाद्रीबुवा सर्वांत मोठ्याने हसले. नामुकोलो भराभर लिहीत होती.

"आणि ही," सोको चोम्बाकडे वळला. "मेलेल्याची मुलगी. इतकी पुस्तकं वाचली की तोंडच गेलं. सोयरा दारात नाचतोय आणि हिच्या तोंडून एक शिवी नाही. काय गं, बापाने शिव्या ठेवल्या नाहीत तुझ्यासाठी? काय ठेवलं मग? नुसते बूट?"

चोम्बा पायरी उतरली. आत्याने तिच्या चितेंगेचं टोक धरलं आणि मग सोडून दिलं. अंगण ओलांडताना गाठ सुटायला वेळ लागला. तिने कागद पुढे केले.

"तुमच्यासाठी ठेवलंय, सोकोकाका."

सोकोने काडी टाकली. नाव बघितलं, अक्षर बघितलं. कोटाच्या खिशातून त्याने स्वतःचा नव्हे तर बाबांचा चष्मा काढला, डोळ्यांवर चढवला आणि वाचायला लागला. आधी मनात. मग, आपण मोठ्याने वाचतोय हे त्याचं त्यालाही कळलं नसावं.

"पहिलं गाणं सुरू होत नाही. ते आधीपासून चाललेलंच असतं. आपण फक्त दार उघडतो."

चुलीपाशी कुणीतरी पळी खाली ठेवली.

"दुसऱ्या गाण्यात गिटार दोनदा तेच विचारते. तिसऱ्यांदा विचारत नाही, आणि आपल्याला कळतं की तिला उत्तर मिळालं."

तो वाचत गेला. तिसरं गाणं, चौथं. त्याचा आवाज सपाट होता, सरकारी पत्र वाचावं तसा, आणि ओळ संपली की तो थोडा थांबत होता. पुढच्या रांगेतले एक म्हातारे खाणकामगार डोळे मिटून मान डोलवत होते. जे त्यांनी कधी ऐकलं नव्हतं त्यावर. आत्याचं तोंड मात्र घट्ट मिटलेलं होतं. सोकोचा चेहरा बदलत चालला होता. त्यातली थट्टा पाण्यासारखी ओसरत होती आणि खाली काय आहे ते दिसायला लागणार होतं. चोम्बाला वाटलं, आत्या बरोबर होती. आता हा माणूस कागद घडी करून परत देईल आणि अनोळख्यासारखा फाटकातून निघून जाईल.

"पाचवं," सोको म्हणाला. वाचू लागला, आणि थांबला. कागद डोळ्यांजवळ नेला.

"काय?" तो म्हणाला. "काय लिहिलंय याने? श्वास संपतो?" त्याने वर पाहिलं. "माझा? नवव्या ठोक्याला?"

त्याने पुन्हा ओळीवर नजर फिरवली.

"ऑर्गन सावरून घेतो म्हणे. अरे, ऑर्गनवाला तेव्हा बिडी ओढायला बाहेर गेला होता. हॉलच्या मागे. आणि याने तीनदा ऐकलंय ते." त्याने कागद चोम्बाच्या तोंडासमोर नाचवला आणि ओळीवर बोट ठेवलं. "वाच. वाच ना, शिकलेले. हा तुझा कान न चुकणारा बाप. माकड खाऊन खाऊन कानात केस उगवले होते त्याच्या."

चोम्बाने ओळीकडे पाहिलं. वरच्या सगळ्या ओळी थरथरत होत्या, खालच्याही. त्या एका ओळीचं अक्षर मात्र सरळ होतं. सावकाश, दाब देऊन, एकेक काना नीट काढून लिहिलेलं. तिने ती ओळ तीनदा वाचली होती आणि हे पाहिलं नव्हतं.

"खोटारडा," सोको म्हणत होता. "मेल्यावर खोटं बोलतो. थांब तू. थांब."

त्याने चष्मा काढला. पाय फाकवून उभा राहिला, बाबांच्या कोटाचं वरचं बटण उघडलं आणि छातीत हवा भरून घेतली. पहिला स्वर आला तो जवळजवळ नव्हताच; गंजलेल्या नळातून आधी नुसता वारा यावा तसा. मग तो खाली गेला, आणखी खाली, आणि तिथे त्याला जागा सापडली.

चोम्बाच्या बोटांनी चितेंगेच्या घडीत मोजायला सुरुवात केली. तीन. चार. हा आवाज उंदराचा नव्हता. तो एका मोठ्या, जड, तेल दिलेल्या चाकाचा होता, जे अंधारात सावकाश दोर सोडतंय आणि दोराला माणसं आहेत हे त्याला माहीत आहे. सात. आठ. नवव्या ठोक्याला सोकोने तिच्याकडे बघितलं आणि भुवई उचलली. दहा. मांडवातले पुरुष उभे राहिले होते. का, ते त्यांना सांगता आलं नसतं. बाराव्याला स्वर पातळ झाला, त्यातून म्हातारपण दिसू लागलं. मानेवरची शीर ताठ झाली. तुटला नाही. चौदा. पंधरा. बाबांनी हे एकदा नव्हे, तीनदा ऐकलं होतं आणि मग जन्मभर पुन्हा ऐकू आलं नव्हतं. तरी दहा वेळा, एकाही ठोक्याचा फरक न करता त्यांनी ते लिहून ठेवलं होतं. सोळा.

सतरा.

सोकोने तोंड मिटलं. अंगणात कुणी रडत नव्हतं, कुणी हसत नव्हतं. चुलीवर मक्याच्या पिठाची न्शिमा एकदा बुडबुडली. एलिना आत्याचे दोन्ही हात तोंडावर होते.

धाप लागल्याने सोकोला बोलायला वेळ लागला.

"तुटला?" त्याने विचारलं. आधी पुरुषांना, मग बायकांना. "सांगा ना. ऑर्गन ऐकला कुणी?"

"नाही बा," ते म्हातारे खाणकामगार हळूच म्हणाले.

"लिहिलंस?" त्याने नामुकोलोला विचारलं. नामुकोलोची पेन्सिल कागदावर टेकून थांबली होती. ती चोम्बाकडे बघत होती. सगळेच बघत होते.

"हिलाच विचार," सोको म्हणाला. त्याच्या आवाजात पुन्हा थट्टा होती, पण तिच्या कडेला काहीतरी होतं जे थट्टेची वाट बघत होतं. "सांग गं. सोयऱ्यांच्या देखत सांग. चुकला की नाही तुझा बाप?"

पाठीमागे खोलीत, पलंगाखाली, खोक्यात आधीच्या दहा प्रती होत्या. चोम्बाला फक्त आत जाऊन यायचं होतं. आज संध्याकाळपर्यंत लुसाकाला कळलं असतं, की लामेक चिसालांचा कान शेवटपर्यंत कसा होता; आणि सोकोला कळलं असतं, की त्याला गायला कुणी लावलं आणि कशासाठी.

"चुकले," ती म्हणाली.

कुणीतरी श्वास सोडला.

"त्यांना माणसांची गाणी ऐकायची सवय होती," चोम्बा म्हणाली. तिचा आवाज तिला वाटला होता त्यापेक्षा मोठा निघाला. "उंदराला एवढा दम असतो, हे त्यांना कुठून कळणार?"

आधी एलिना आत्या मागे रेलून हसली, आणि तिच्यामागून सगळं अंगण. पाद्रीबुवांना खोकला लागला. सोको हसताना वाकला, गुडघ्यांवर हात टेकवून वाकलेलाच राहिला, आणि बराच वेळ त्याने चेहरा वर केला नाही. केला तेव्हा तो ओला होता आणि तो पुसायची त्याला घाई नव्हती.

"आता ही पोर लामेकची वाटते," तो म्हणाला. चारही कागद त्याने घडी करून कोटाच्या आतल्या खिशात घातले. "हे माझं. कोटही माझा. उत्तर लिहिणार आहे मी याला. पानभर."

रस्त्यावरून गाडीचा आवाज आला. पेटी आली होती. बायकांचं रडणं पुन्हा उठलं, आणि सोको खांदा द्यायला सगळ्यांच्या पुढे निघाला, डावा खांदा किंचित पुढे काढून. ती नक्कल होती की नाही, कळत नव्हतं.

नामुकोलो चोम्बाच्या जवळ आली. वहीचं पहिलं पान तिने उघडून धरलं होतं.

"ताई, हे छापू मी? ते चुकले असं तुम्ही म्हणालात, ते?"

चोम्बाने मथळा पुन्हा एकदा वाचला.

"छाप," ती म्हणाली. "पण सगळे हसले, तेही छाप."